सोळा चित्रांचं जातं

उद्धवरावांच्या हातांनी काय काय केलं ते सांगायला बसलं, तर भोसरीतून निघालेली बैलगाडी चाकणला पोचेल आणि सांगणं मागंच उरेल.

लहानपणी पोळ्याच्या आदल्या दिवशी आळीतले बैल त्यांच्या दाराशी ओळीनं उभे राहायचे, शिंगं रंगवून घ्यायला. एका शिंगावर वेल, दुसऱ्यावर मोर. मग तमाशाच्या फडाचे पडदे रंगवले. मग पुण्याच्या एका चित्रसंस्थेत शिरले, तो काळ मुक्या चित्रपटांचा. आधी रंगाचे डबे धुतले, मग कापडावर राजवाडे उभे केले, मग पात्रांच्या बोलण्याच्या पाट्या लिहिल्या. चित्रपट बोलायला लागला आणि पाट्या गेल्या, उद्धवराव राहिले. कॅमेऱ्याच्या करामती शिकले. परातीत समुद्र उसळवायचे, एकाच नटाला दोन दारांत उभा करायचे. एका राक्षसाचा नुसता हात त्यांनी केलेला आहे, आणि तो हात बघून पुढच्या रांगेतली पोरं किंचाळायची. दोन बोलपट दिग्दर्शित केले. एक संताचा, तो चालला. एक विनोदी, तो बघायला फारसं कुणी आलं नाही आणि जे आले ते हसले नाहीत.

"त्या चित्रपटातला तेवढाच विनोद," उद्धवराव स्वतःच सांगायचे आणि खो-खो हसायचे.

पण जीव खरा अडकला होता तो हलत्या चित्रांत. एक चित्र काढायचं, त्याच्यावर दुसरं, केसभर पुढं सरकलेलं, त्यावर तिसरं. एकेकाचा फोटो घ्यायचा आणि सगळे भराभर पडद्यावर सोडायचे, की कागदावरची चिमणी फांदीवरून उठते आणि उडून जाते. पहिल्यांदा त्यांनी हे केलं ते एका दंतमंजनाच्या जाहिरातीसाठी. छत्री घेऊन चालणारा एक दात. दोन मिनिटांचा खेळ, पण उद्धवरावांना त्या दिवशी आपल्या हातांची ओळख पटली. पुढं वीस वर्षं पोटासाठी त्यांनी बाकी सगळं केलं आणि उरलेल्या वेळात चित्रं चालायला शिकवली.

त्रेपन्न साली संस्थेच्या फाटकाला कुलूप लागलं. उद्धवराव एक पत्र्याची ट्रंक आणि ब्रशांची पिशवी घेऊन भोसरीला परत आले, थोरल्या बहिणीकडे. बहिणीचं नाव शालनबाई. ते त्यांना आक्का म्हणत. आक्कांना मूलबाळ नव्हतं, नवरा जाऊन वर्षं झाली होती, आणि चालताना त्या डावा पाय किंचित ओढत. लग्नाच्या दुसऱ्या वर्षी त्या पायाला नारू झाला होता. पायऱ्यांच्या बारवेचं पाणी प्यायचं आणि वर्षाभरानं पायातून दोऱ्यासारखा किडा निघायचा, असं तेव्हा घरोघरी होतं. तो किडा काडीवर गुंडाळत, तुटू नये म्हणून दिवसाला एक-दोन वेटे ओढत, त्या तीन महिने पडून होत्या. अर्ध्यात तुटला तो तुटलाच. पाय तसाच राहिला.

म्हणून छप्पन साली सरकारच्या प्रसिद्धी खात्यातून लक्ष्मणराव नावाचे साहेब आले, आणि "नारूवर दहा मिनिटांचं चित्र करून द्याल का? खेड्यापाड्यांत दाखवायचं आहे," असं विचारते झाले, तेव्हा उद्धवरावांनी घरात पाहिलं. आक्का चुलीपाशी बसल्या होत्या, डावा पाय लांब करून.

"देतो," ते म्हणाले.

"हे पसंत पडलं तर आणखी पाच चित्रं आहेत. देवी, हिवताप, खताचे खड्डे. दोन-तीन वर्षांचं काम," लक्ष्मणराव म्हणाले. "पण एक अट. आधी चाकणच्या बाजारात लोकांपुढं दाखवायचं. लोक शेवटपर्यंत बसले पाहिजेत. लोक उठले, तर खातंही उठलं म्हणून समजा."

मद्रासहूनही एक पत्र येऊन पडलं होतं. एका पौराणिक चित्रपटात ढग रंगवायला माणूस हवा होता. म्हणजे हिशेब सरळ होता. चाकणचे लोक बसले तर उद्धवराव घरी राहून आपली चित्रं चालवणार. उठले तर पन्नाशीच्या वयात परमुलखात जाऊन दुसऱ्याच्या देवांमागं ढग काढत बसणार.

चित्राची कल्पना त्यांना आक्कांकडूनच सुचली होती. ओसरीवर एक म्हातारी जात्यावर दळतेय. दळता दळता सुनेला सांगतेय, पाण्याला कशी जा, घागरीच्या तोंडाला दुहेरी फडकं कसं बांध, बारवेत पाय का बुडवू नकोस. ओवीच्या दर कडव्याला एक देखावा, आणि दर देखाव्यानंतर पुन्हा ते जातं. असं पाच वेळा. धृपदासारखं.

सेल्युलॉइडचे काचेसारखे आरपार ताव मुंबईहून मागवले. आळीतल्या दुर्गाबाई आणि तिघी-चौघी बायका रांगोळीला हाताच्या धीट. त्यांना उद्धवरावांनी तावावर शाईनं रेघ ओढायला आणि मागच्या बाजूनं रंग भरायला शिकवलं. "रांगोळी पुसून जाते," दुर्गाबाई म्हणाल्या, "ही राहील व्हय?" आणि पहिला ताव त्यांनी हळदीकुंकवाची बोटं लावून मग रंगवला. तयार ताव पुण्याला बबनरावांकडं जायचे. बबनराव म्हणजे संस्थेतला जुना सोबती. बंद पडलेल्या संस्थेचा एक कॅमेरा त्यानं आपल्या खोलीत खाटेएवढ्या लाकडी चौकटीवर उलटा टांगला होता. खाली ताव ठेवायचा, वरून फोटो घ्यायचा. एक झाला की दुसरा.

फाल्गुनात चित्र झालं. आवाज अजून चढवायचा होता, तो नंतर.

चाकणला शनिवारचा बाजार. कांद्याच्या एका वखारीला खिडक्यांवर घोंगड्या लावून भर दुपारी अंधार केला. बाहेर प्रचारगाडीचं इंजिन धडधडत होतं. आत एका बाजूला पुरुष, एका बाजूला बायका, मध्ये पोतीच पोती. नाका-डोळ्यांतून पाणी वाहत होतं सगळ्यांच्या.

"चित्र सुरू व्हायच्या आधीच रडायला लागले की लोक," लक्ष्मणराव रुमालानं डोळे टिपत म्हणाले.

पडद्यावर म्हातारी आली. लोक "आऽऽ" करून पुढं सरकले. कागदातली बाई हलते, जातं फिरतं, कानातल्या बुगड्या डुलतात! एका पोरानं तर तिला हाक मारली. मग बारव आली, घागर आली, पाण्यातला किडा आला; बायकांनी पदर तोंडाला लावले. आक्का बायकांत बसल्या होत्या, उद्धवराव मागं भिंतीला टेकून उभे होते. पुढं सरकणाऱ्या माना ते मोजत होते.

पुन्हा जातं आलं. मग दुसरा देखावा. पुन्हा जातं.

बायकांच्या बाजूनं कुजबुज सुरू झाली. आधी एक, मग दोन, मग कोंबड्यांच्या खुराड्यात हात घातल्यासारखी. रंभा नावाची एक कांदेवाली होती, आवाजानं अख्खा बाजार ओळखायचा तिला. ती उठून उभीच राहिली.

"अगं ये बया! रिकामं जातं फिरवतीया की ही!"

"कुटं गं?"

"हात बघ तिचा! मघाधरनं बघतीया मी. एकदा तरी सुपात गेला का? आन् पीठ? पीठ कुटंय?"

"व्हय गं बाई. दानाच न्हाई जात्यात."

"आन् आमी हितं बसून बघतोय डोळं फाडून! भरल्या घरात भांडान लावायचंय का? उटा, उटा. पोरं घ्या गं पदराखाली."

रिकामं जातं फिरवू नये. फिरवलं तर घरात कलह माजतो, धान्य रुसतं. हे त्या वखारीतल्या प्रत्येक बाईला तिच्या आईनं पहिल्यांदा खुंट्याला हात लावायला दिला तेव्हाच सांगितलेलं. बायका उठल्या. पोरं ओढली गेली. पोरं गेली म्हणून पुरुष उठले. "बाया म्हनत्यात ते बराबर हाय राव," एक जण धोतर झटकत म्हणाला. नारूपासून बचावाचे उपाय बघायला शेवटी दोन हमाल उरले, आणि तेही आत सावली होती म्हणून.

लक्ष्मणरावांनी वही मिटली. माणूस वाईट नव्हता.

"उद्धवराव, चित्र उत्तम आहे. पण मी अहवालात काय लिहू?"

"महिना द्या मला."

"महिनाच. चैत्र संपायच्या आत. मग फाइल मुंबईला जाते."

परतीच्या एसटीत भाऊ-बहीण शेजारी बसले होते. मोशीजवळचा इंद्रायणीचा पूल मागं पडला तसे उद्धवराव बोलले.

"सोळा चित्रं आहेत आक्का त्या जात्याची. सोळात एक फेरा होतो. सोळावं संपलं की पुन्हा पहिलं लावायचं, की जातं फिरतच राहतं. हवं तेवढं फिरवा. जगभर असंच करतात. नाहीतर माणूस चित्रं काढून काढून मरेल."

"म्हंजी तेच तेच?"

"तेच तेच."

"मग हात सुपात कसा जाईल," आक्का म्हणाल्या. "गेला तर दाना कमी व्हईल. मग पुना पैल्या चित्रावर कसं याचं?"

उद्धवरावांनी वळून पाहिलं. वीस वर्षं ज्या युक्तीवर त्यांनी चित्रं चालवली होती, ती आक्कांनी मोशी ते भोसरीच्या आत ओळखली होती.

"पण चित्र आहे गं ते!" ते चिडून म्हणाले. "कागद आहे! कागदातलं जातं रिकामं काय आन् भरलेलं काय?"

आक्कांनी डावा पाय हातानं उचलून नीट ठेवला.

"कागदातलं पानी गाळून प्या म्हनतोस, ते खरं मानायचं," त्या म्हणाल्या. "आन् त्याच कागदातलं जातं तेवढं खोटं मानायचं. आमी बायांनी कसं वळखावं रं, उद्धवा, कुटलं खरं आन् कुटलं तुजं?"

उद्धवरावांनी खिशातून पेन्सिल काढली आणि तिकिटाच्या पाठीवर सूप काढायला घेतलं.

दुसऱ्या दिवशी न्याहारी झाल्यावर ते गुडघ्यावर वही आणि हातात घड्याळ घेऊन ओसरीवर बसले. "आक्का, दळ."

"येडा का काय! उन्हं डोक्यावर आल्यावर कुनी दळतं का? आन् गिरनी हाय की आता."

"गिरणीचं चित्र नाही काढत मी."

आक्कांनी कुरकुरत जातं झाडलं, सुपात जोंधळा घेतला आणि मांडी घातली. पहिली मूठ जात्याच्या तोंडात सोडली आणि खुंटा धरला. उद्धवराव जन्मभर ते बघत आले होते आणि त्यांनी ते कधी पाहिलं नव्हतं. जातं एका चालीनं फिरत नाही. ओवीच्या पहिल्या ओळीला दोन फेरे, दुसऱ्या ओळीला दोन. आणि दुसऱ्या ओळीच्या शेवटाला सूर लांबतो, तेव्हा डावा हात सुपात जातो. तेवढ्यात उजवा हात थांबत नाही, नुसता सैलावतो, आणि जातं आपल्याच वजनावर पाव फेरा घेतं. मूठ पडली की आवाज बदलतो. करकर होती ती घरघर होते. मग पुन्हा हात घट्ट. आणि पाळीच्या, म्हणजे जात्याच्या दगडाच्या, कडेनं पीठ पडतं ते सगळीकडून सारखं नाही. जिथून खुंटा ओढला जातो तिथं जास्त.

आक्कांनी भावाकडं तिरक्या नजरेनं पाहिलं आणि ओवी घातली:

*मूठ सोडिते जात्यात, जातं बोलतं घरघर,*
*बंधू माझा चितारी, त्याचं कागदावर घर.*

"टोमणा मारलास," उद्धवराव लिहिता लिहिता म्हणाले.

"घड्याळात बघ. किती भरला टोमना?"

"आठ सेकंद. वर थोडा."

हिशेब मांडला. चार फेऱ्यांची चौसष्ट चित्रं. जातं पाच वेळा येतं. म्हणजे तीनशे वीस, आणि त्यातलं एकही दुसऱ्यासारखं नाही. दर मुठीला सूप उतरणार, दर फेऱ्याला पीठ चढणार. एका हातानं रेखाटायला वीस दिवस. ते जमलं असतं. दुर्गाबाई आणि त्यांच्या सोबतिणींनी रात्रीचा स्वयंपाक दिवसा उरकून रंगही भरला असता. पण ताव कुठून आणायचे? आधीच्या देखाव्यांचे ताव करारानं खात्यात जमा झाले होते. मुंबईच्या दुकानदारानं कळवलं की माल परदेशातून येतो, दोन महिने तरी लागतील.

त्या दिवशी संध्याकाळी, दिवे लागायच्या आधी, उद्धवरावांनी पत्र्याची ट्रंक ओसरीवर ओढून आणली. तीन वर्षं ती माळ्याखाली पडून होती. आक्कांना वाटायचं, आत जुने कपडे असतील.

आत ताव होते. चारशे दहा. अकरा वर्षांच्या सुट्ट्या, रविवार आणि दुखण्याच्या रजा. तांबड्या रंगाची एक कालवड. चाकणच्या बाजारात तिला विकतात, ती दावं तोडते आणि घराकडं निघते. वाटेत रेल्वे नाही, राक्षस नाही, काहीच नाही. नुसती एक कालवड वास घेत घेत घर शोधतेय. संस्थेला त्यात रस नव्हता. उद्धवरावांनी कुणाला ती दाखवलीही नव्हती. शेवटच्या तावावर ती इंद्रायणीच्या पाण्यात उतरत होती. पुढचे दोन पाय पाण्यात, मागचे दोन काठावर. तिथंच संस्थेला कुलूप लागलं.

आक्कांनी एक ताव उजेडाकडं धरला. कालवडीची मान वळलेली, कान एक पुढं, एक मागं.

"ही आपली तांबी," त्या म्हणाल्या. "आबांनी इकलेली."

"हो."

"तू जेवला नव्हतास दोन दिस."

"हो."

मग आक्कांच्या ध्यानात आलं की घंगाळात रिठे भिजत घातलेत ते लुगड्यांसाठी नाहीत. त्यांनी ताव पाठीमागं धरला, पोरीनं खाऊ लपवावा तसा.

"न्हाई उद्धवा. मद्रासला जा तू. ढग काढ. पर हिला धुऊ नगंस."

उद्धवराव बाही वर सारत होते. त्यांनी हात थांबवला.

"मद्रासला गेलो तरी ही ट्रंकेतच राहणार, आक्का. हिला घरी आणायला मला अजून अकरा वर्षं पाहिजेत, आणि तेवढी आहेत का नाही कुणाला ठाऊक. बारवेचं पाणी लोक या उन्हाळ्यात पितायत." मग जरा थांबून म्हणाले, "आणि काढलेली आहे ना मी एकदा. हाताला ठाऊक आहे ती."

आक्कांनी ताव पुढं केला.

पहिले नव्वद ओलीनं एकमेकांना चिकटून गेले होते. ते सोडून दिले. उरले बरोबर तीनशे वीस. रिठ्याच्या कोमट पाण्यात ताव बुडवायचा, जुन्या लुगड्याच्या मऊ फडक्यानं हलकेच पुसायचा, दोरीवर टांगायचा. आधी तांबडा रंग सुटायचा, मग शाई. दोन दिवस घंगाळातलं पाणी तांबडं होत राहिलं आणि ते आक्कांनी मोरीत न ओतता परड्यातल्या पपईला घातलं. ताव वाळले की दुर्गाबाई नंबराप्रमाणं त्यांची चळत लावायच्या, कारण नंबर कोपऱ्यात कोरलेले होते ते धुऊन गेले नव्हते. नदीत उतरणारा शेवटचा ताव उद्धवरावांनी कुणाला धुऊ दिला नाही. तो त्यांनी स्वतः धुतला, आणि तोंडावर पाणी मारून आले.

मग वीस दिवस भोसरीच्या त्या ओसरीवर दुसरं काही नव्हतं. सकाळी आक्का दळायच्या, उद्धवराव काढायचे, बायका रेघा ओढायच्या. पीठ एवढं झालं की आळीतल्या चार घरांना भाकरीला वाटलं. चैत्री पौर्णिमा झाली आणि उद्धवराव शेवटचं गाठोडं घेऊन पुण्याला बबनरावांकडं गेले.

बबनरावांनी एक ताव दिव्याखाली धरला आणि कपाळाला आठ्या घातल्या.

"उद्ध्या, यांच्यावर ओरखडे आहेत रे. निब दाबून काढायची तुझी खोड जाईना."

"दिसतील?"

"कुणाला दिसतायत. जात्याकडं बघतील का ओरखड्यांकडं? सर बाजूला, उजेड अडवू नकोस."

चैत्राच्या शेवटच्या शनिवारी पुन्हा तीच वखार, त्याच घोंगड्या, तोच कांदा. आवाज चढवायला वेळ उरला नव्हता. आक्का पडद्याच्या बाजूला पोत्यावर बसल्या, डावा पाय लांब करून. "मी काय गानारीन हाय का," असं त्या एसटीत बसल्यापासून म्हणत आल्या होत्या.

लक्ष्मणराव वही उघडून दाराशी बसले. उद्धवराव मागं भिंतीला.

बायका आल्या खऱ्या, पण बसल्या दाराजवळ, पोरांचे हात धरून. रंभा तर उभीच. "बसत न्हाई मी," ती सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली. "आदी बघते."

पडद्यावर म्हातारी आली. तिनं सुपात हात घातला. मूठ वर आली, बोटं सैलावली, दाणे जात्याच्या तोंडात गेले. आक्कांनी अंधारात त्या हाताकडं बघत सूर धरला:

*पदरानं गाळून पाणी घागरीत भरिते,*
*लेकराच्या पायाची, बाई, पीडा मी हरिते.*

सूर लांबला आणि बरोबर तिथं कागदातला डावा हात सुपात गेला. पाळीच्या कडेला पीठ उतरलं. इकडं थोडं, खुंट्याच्या बाजूला जास्त.

रंभा बघत होती. दुसरी मूठ पडली, तिसरी पडली.

"दाना बारीक हाय," ती शेवटी म्हणाली, "जोंधळा दिसतोय," आणि पोत्यावर बसली.

बारव आली, किडा आला, घागरीच्या तोंडाला दुहेरी फडकं बांधलं गेलं. एका बाईनं शेजारणीला विचारलं, "साडीचं चालंल का गं?" शेजारीण म्हणाली, "दुपदरी कर म्हनं." लक्ष्मणरावांनी ते वहीत लिहून घेतलं, उद्धवरावांना त्यांची मान हललेली दिसली. पुढच्या खेपेला जातं आलं तेव्हा दोन-तीन जणींनी आक्कांचा सूर उचलला होता, आणि पाचव्या खेपेला वखारीतल्या बायका नुसत्या गात नव्हत्या, त्यांचे उजवे हात मांडीवर गोल फिरत होते.

शेवटची मूठ. सूप रिकामं झालं. आक्कांनी शेवटची ओवी घातली, ती त्यांनी घरी कधी म्हटली नव्हती:

*कागदाच्या बाईला, बाई, कुनी दाविलं माहेर,*
*बंधवानं माझ्या केला जोंधळ्याचा आहेर.*

आणि तेव्हा उद्धवरावांना ते दिसलं. जात्यामागच्या अंगणात एक रेघ हलत होती. केसाएवढी, उजेडाची. ओरखडाच तो, धुतलेल्या शाईखाली निबेनं पाडलेला. पण ताव नंबराप्रमाणं लागले होते, तेव्हा ओरखडेही नंबराप्रमाणं लागले होते. एक कान पुढं, एक मागं. वळलेली मान. चार पाय, एकामागून एक. ज्या शेवटच्या तावावर ती नदीत उतरत होती तिथं आता नदी नव्हती, ओसरीपुढचं अंगण होतं, आणि तिचे पुढचे दोन पाय त्या अंगणात आले होते.

जातं थांबलं. पांढरा उजेड पडद्यावर फडफडला. घोंगड्या सुटल्या आणि चैत्राचं ऊन आत आलं. एकही माणूस उठला नव्हता.

"पीठ भरून न्हाई ठेवलं तिनं," रंभा पदर सावरत म्हणाली. "उघडं टाकून गेली. कुत्रं तोंड घालंल की."

लोक हसले. लक्ष्मणरावही हसले. "पुढचं चित्र देवीच्या लशीवर," ते जाता जाता म्हणाले, "आषाढापर्यंत द्या. आणि या बाईला आधी दाखवा."

उद्धवराव पोत्यांमधून वाट काढत बहिणीपाशी आले. आक्का अजून पडद्याकडंच बघत बसल्या होत्या. पडदा आता नुसतं धुतलेलं कापड होतं.

"उद्धवा," त्या हळूच म्हणाल्या, "शेवटाला जात्यामागनं काय गेलं रं?"

उद्धवरावांनी त्यांना उठायला हात दिला.

"तांबी," ते म्हणाले.

आक्कांनी डावा पाय जमिनीवर टेकला, लुगड्याला लागलेली कांद्याची फोलपटं झटकली.

"मग," त्या म्हणाल्या, "घरी आली की."